खळ्यावरचे अतिरेकी

दादू पागधरेची नाव नारळी पौर्णिमेपासून वाळूत उभी होती आणि दादू तिच्या सावलीत बसून होता. नावेत खोट काढायला जागा नव्हती. इंजिन एका झटक्यात सुरू व्हायचं, जाळं नवं होतं, बुडाला डांबर ताजं होतं. नव्हता तो फक्त एक कागद.

त्या वर्षी, म्हणजे त्र्याण्णव साली, मार्चमध्ये मुंबईत बॉम्बस्फोट झाले. दारूगोळा समुद्रातून उतरला होता हे कळल्यावर सरकारला एकदम आठवलं, की आपल्या देशाला किनाराही आहे. लगेच फर्मान निघालं. प्रत्येक नावेची नोंदणी, प्रत्येक नावेला नंबर, आणि बिननंबरी नाव पाण्यात दिसली की जप्त. बोईसरपासून सहा आसनी रिक्षानं अर्ध्या तासावर भाटोळी गाव. तिथं एकोणतीस नावा. अठ्ठावीस नावांवर पांढऱ्या रंगात नंबर चढले. एकोणतिसावी दादूच्या बापाच्या नावावर होती, बाप देवाघरी गेला होता, आणि देवाघरी गेल्याचा दाखला मिळवायला वेळ लागतो. दाखला मिळाला तर नावेचं मोजमाप राहिलं. मोजमाप झालं तर मोजणाऱ्याची बदली झाली. असं करत डिसेंबर उजाडला. बाकीच्या नावा बोंबील आणि जवळा घेऊन किनाऱ्याला लागायच्या आणि दादू त्या ओढायला हात लावायचा. चाळिशीतल्या माणसाला, ज्याच्या शब्दावर काल चार माणसं जाळं टाकत होती, असं रिकामं उभं राहावं लागणं ही काही हसण्यावारी न्यायची गोष्ट नव्हे. दादू मात्र हसूनच सांगायचा. आतून तो पार खचला होता.

अशा वेळी गावात जीप आली आणि जीपमधून रणपिसे साहेब उतरले. किनाऱ्याच्या सुरक्षेचं काम त्यांच्याकडे नव्यानं आलं होतं. आडनाव लढाऊ, मिशा त्याहून लढाऊ, आणि अजून लढाई काही वाट्याला आलेली नव्हती. त्यांनी वाळूतली नाव बघितली, सावलीतला दादू बघितला.

“ही नाव कुठल्याच वहीत नाही ना?”

“तेच तर रडनं हाय, सायेब.”

“मग हीच आपल्याला पाहिजे,” साहेब म्हणाले आणि इकडं तिकडं बघून खाली बसले.

बेत असा होता. सोळा तारखेला दुपारी साहेबांचे पाच पोलीस अतिरेकी बनून समुद्रातून यायचे. कोणाला पत्ता लागू न देता किनाऱ्यावर उतरायचं, गावातून चालत पाण्याच्या टाकीपर्यंत जायचं आणि टाकीवर पांढरं निशाण लावायचं. गाव सावध आहे की झोपलंय याची परीक्षा. गाव पुरतं बेसावध असावं म्हणून त्याच वेळी मच्छीमार सोसायटीच्या हॉलमध्ये साहेबांनी परिसंवाद ठेवला होता: ‘आंतरराष्ट्रीय दहशतवाद, उत्तर लष्करी की राजकीय?’ गावातले सगळे बाप्ये एका छताखाली बोलत बसले, की किनारा मोकळा. निशाण लागेपर्यंत ही तालीम आहे हे कोणी, अगदी कोणीही, फोडायचं नाही. चार वाजता ठाण्याहून मोठे साहेब यायचे होते, त्यांना टाकीवरचं निशाण दाखवायचं होतं.

“तू त्यांना खाडीच्या तोंडाशी नावेत घ्यायचंस आणि उतरवायचंस. त्या दिवशी नोंदणीचा कारकून वही-शिक्का घेऊन हॉलमध्ये हजर असेल. निशाण लागलं, की तुला जागच्या जागी नंबर. आणि बोभाटा झाला तर कागद विसर. बायकोलाही सांगायचं नाही.”

“नाय सांगत,” दादू म्हणाला. त्याच्या डोळ्यांत पाणी आलं होतं.

“उतरवशील कुठं? दुपारी कोणी नसेल अशी जागा सांग.”

दादूनं क्षणभरही विचार केला नाही. “दक्षिनेचं भाट. दुपारचं तिकडं चिटपाखरू नसतं, सायेब.”

आता भाट म्हणजे वाळूचा सपाट पट्टा, आणि दादूचं म्हणणं त्याच्या परीनं खरं होतं. नाववाल्याचा हिशेब असा, की जिथं नाव लागत नाही तो किनारा रिकामा. दक्षिणेच्या भाटाला खडक आहेत, तिथं नाव लागत नाही. दादू जन्मात दुपारचा तिकडं फिरकला नव्हता. त्यानं हे लक्षात घेतलं नव्हतं, की सोसायटीनं बर्फाची नवी खोली बांधली ती बायांच्या मासळी सुकवायच्या खळ्यावर बांधली, आणि दिवाळीपासून गावातल्या चाळीस बाया आपलं खळं उचलून दक्षिणेच्या भाटावर घेऊन गेल्या होत्या. रोज दहा ते पाच त्या तिथंच असायच्या. ही गोष्ट त्याच्या बायकोनं, जमनानं, त्याला जेवताना तीनदा सांगितली होती. तिन्ही वेळा तो “हं” म्हणाला होता आणि ताटातली जवळ्याची चटणी संपवून उठला होता. तो जवळा कुठं सुकतो हा प्रश्न त्याला पडला नव्हता, आणि भाटोळीतल्या दुसऱ्या कुठल्या पुरुषालाही पडला नव्हता.

सोळा तारखेला सकाळीच त्यानं पाच जणांना नावेत घेतलं. काळे कपडे, तोंडाला काळी फडकी, खांद्याला लाकडी बंदुका, पायात घोट्याच्या वर येणारे बूट. चार महिन्यांनी नाव पाण्यावर हलली तेव्हा दादूला इतका आनंद झाला, की त्यानं अतिरेक्यांना गाणं म्हणून दाखवलं. पाचांतले तिघे पोटातलं सगळं समुद्राला देऊन बसले. मग पोट रिकामं झालं म्हणून त्यांना भूक लागली आणि जमनानं दादूला बांधून दिलेली भाकरी-चटणी त्यांनीच खाल्ली. एक जाडा तर बोटं चाटत बसला. खडकाआड गुडघाभर पाण्यात दादूनं त्यांना उतरवलं, सुरूच्या बनाकडं बोट दाखवलं, “सरल जावा, कोन नाय,” म्हणाला आणि नाव वळवली. पावणेदोनला तो हॉलमध्ये मागच्या बाकावर, चेहरा शक्य तितका साधा करून, बसलेला होता.

हॉलमध्ये परिसंवाद चांगलाच तापला होता. लष्करी बाजू धर्माजी मेहेरची. धर्माजी नौदलात आचारी होता, एकाहत्तरच्या लढाईत जहाजावर होता. लढाईत त्यानं काय केलं हे त्याला कोणी विचारलं नव्हतं, कारण विचारायच्या आधीच तो सांगून मोकळा व्हायचा. राजकीय बाजू जानू गुरुजींची. ते प्राथमिक शाळेत, आणि वर्गात असो वा बाहेर, खडू हातातून सोडत नसत.

“सामान कुटून आलं ते ठाव हाय, तळ कुटं हायेत ते ठाव हाय,” धर्माजी टेबलावर मूठ आपटून म्हणाला. “मंग बसलाय कशाला? इमानं पाठवा, जहाजं पाठवा, दोन दिसात काम खलास! आज एकाचं ऐकलं की उद्या दहा येतील मागायला.”

“विमानातून बॉम्ब टाकणाऱ्याला खाली अतिरेकी कोण आणि भाजीवाली कोण हे दिसतं का?” गुरुजी म्हणाले. “भाजीवाली मेली, तर तिचा पोरगा मोठा होऊन काय करील? जगातले देश एकत्र बसवा. त्यांना हत्यारं देणाऱ्याला एकटं पाडा. पळालेले परत मागा आणि कोर्टात उभे करा.”

“मागून कोन देतो? तुमी शालेचे पत्रे नऊ वर्सं मागताय!”

हॉल हसला. गुरुजींनी खडू वर केला. “आणि तुम्ही एकाहत्तरला लढाई जिंकलीत ना? मग त्र्याण्णवला बॉम्ब कसे फुटले?”

हॉल पुन्हा हसला, पण जरा कमी. त्या मार्चमधल्या शुक्रवारी भाटोळीच्या अकरा बाया मासळी घेऊन मुंबईत होत्या. शनिवारी दुपारी सगळ्या परत आल्या तोवर गावात चूल पेटली नव्हती. त्या अकरा जणींत धर्माजीची सून होती आणि गुरुजींची बहीणही होती. म्हणून दोघंही पोटतिडकीनं बोलत होते आणि दोघांचंही थोडं थोडं पटत होतं. दादूला मात्र एकही शब्द ऐकू येत नव्हता. तो खिडकीतून दिसणाऱ्या पाण्याच्या टाकीकडं बघत होता. अडीच वाजले. निशाण नाही. पावणेतीन झाले. निशाण नाही. रणपिसे साहेब घड्याळ बघत होते, मग दादूकडं बघत होते, आणि कारकून वहीवर हनुवटी टेकून पेंगत होता.

तीनला पाच मिनिटं असताना दारात नलू उभी राहिली. धर्माजीची सून ती हीच. सासऱ्यासमोर तिनं पदर डोक्यावर ओढला, पण आवाज काही ओढून धरला नाही.

“सायेब, खल्यावर पाच अतिरेकी धरलेत. जमनावयनी इचारते, त्यांना चाय देऊ का? दूध नाय, बिनदुधाची हाय.”

सगळा हॉल एकदम बोलायला लागला.

धर्माजीनं गुरुजींच्या हातातला खडू ओढून घेतला आणि फळ्यावर नकाशा काढायला सुरुवात केली. दोन तुकड्या, एक सुरूच्या बनातून, एक पाण्यातून, मधे घेरायचं. पाण्यातून कोण जाणार यावर जरा वाद झाला, कारण प्रत्येकाला बनातून जायचं होतं. गुरुजी म्हणाले, आधी पाच जणांचं शिष्टमंडळ पाठवू, त्यांच्या मागण्या लेखी घेऊ. कोणीतरी म्हणालं, शिष्टमंडळात सगळ्या पाड्यांचे लोक पाहिजेत. धर्माजी म्हणाला, अतिरेक्यांशी बोलणं म्हणजे त्यांना मान देणं. गुरुजी म्हणाले, न बोलता बायांचा जीव धोक्यात घालणार का?

“बायांना काय झालंय?” नलूनं विचारलं. “त्या बऱ्या हायेत. चायचं सांगा.”

ठराव मांडायचा तर सूचक कोण आणि अनुमोदक कोण, यावर गाडी आली होती. एवढ्या वेळात एकही बाप्या दाराबाहेर पडला नव्हता.

रणपिसे साहेबांनी दादूला दंडाला धरून बाहेर नेलं. त्यांच्या मिशा घामानं खाली आल्या होत्या. “चिटपाखरू नसतं काय? चार वाजता मोठे साहेब येतायत! माझी पाच माणसं तुझ्या गावच्या बायकांनी धरलीत हे त्यांना कळलं, तर माझी बदली, आणि तुझी नाव जन्मभर वाळूत. जा, सोडवून आण. आणि तालीम आहे हे बोलायचं नाही!”

“मंग सांगू काय?”

“ते तुझं तू बघ. तुझीच बायको आहे.”

दादू भाटाकडं पळत सुटला. खळ्यावर काय घडलं होतं, ते त्याला पुढं तुकड्यातुकड्यानं कळलं. पाच जण सुरूच्या बनातून बाहेर पडले ते थेट जवळ्यावर. वाळूवर शेतभर गुलाबी जवळा पसरलेला, त्यात पाच जोड बूट. आता भाटोळीत खळ्यावर पायताण घालून कोणी जात नाही. जे चुलीपाशी, तेच खळ्यावर. आणि कोणी गेलाच, तर त्यानं पायताण काढून ठेवायचं आणि तुडवलेला माल आपल्या हातानं निवडून, पुन्हा पसरून द्यायचा, मगच घरी जायचं. मग तो व्यापारी असो, नाहीतर व्याही असो. सत्तरीची गोदूबाई कावळे हाकत बसली होती, ती किंचाळली, “पायतानं! मेल्यानो, पायतानं!”

म्होरक्यानं बंदूक रोखली आणि हुकुमाप्रमाणे ठणकावून सांगितलं, “हलू नका! आम्ही अतिरेकी आहोत!”

“अससील,” गोदूबाई म्हणाली. “आदी पायतान काड.”

खरं सांगायचं तर अशा वेळी काय करायचं, हे त्यांना कोणी शिकवलं नव्हतं. बाया पळतील किंवा ओरडतील, एवढंच धरलेलं होतं. चाळीस बाया हातात कावळे हाकायच्या काठ्या घेऊन भोवती जमल्या आणि सगळ्या पायांकडं बघायला लागल्या. चारचौघात कोणी नुसतं पायांकडं बघत राहिलं, की माणूस ढिला पडतो. पहिला बूट जाड्यानं काढला. बाकीचे मग आपोआप निघाले. बूट गेल्यावर पळायची सोयच उरली नाही, कारण खळ्याच्या चारी बाजूंना फुटक्या शिंपल्यांचा खच होता. आणि तालीम आहे हे सांगायचं नाही, असा हुकूम होता.

दादू पोचला तेव्हा पाच अतिरेकी रांगेत मांडी घालून बसले होते आणि जवळ्यातून वाळू, काड्या, खेकड्याची पिल्लं निवडत होते. तोंडाच्या फडक्यांनी घाम पुसणं चाललं होतं. लाकडी बंदुका वाळूत रोवून त्यांवर लुगड्याची फडकी टाकली होती, त्यामुळं कावळे खरोखरच कमी झाले होते. बूट एका टोपलीखाली झाकलेले आणि टोपलीवर गोदूबाई.

“या,” जमना म्हणाली. तिचे दोन्ही हात कोपरापर्यंत जवळ्यानं माखले होते. “सबा संपली?”

“जमने, सोड गो यांना,” दादू धापा टाकत म्हणाला. “लय डेंजर लोक हायेत.”

“दिसतंय ना. हा जाडा तर लय डेंजर हाय. तीन भाकऱ्या खाल्ल्यान.” खळ्यावर कोणाला उपाशी ठेवून काम करून घेत नाहीत, म्हणून बायांनी त्यांना आपापल्या डब्यातलं जेवू घातलं होतं. “कुटून आले असतील ओ हे?”

“समुद्रातून. असतील.”

“कोनाच्या नावेतून?”

“मला काय ठाव!”

“बरं.” जमनानं हातातला जवळा खाली ठेवला. “हा जाडा जेवताना म्हनला, अशीच चटनी सकाली नावेत खाल्ली, पन त्यात आंबोशी होती, ती लय झ्याक होती. भाटोलीत जवल्याच्या चटनीत आंबोशी कोन घालतं ओ?”

“तुजी सासू घालायची,” टोपलीवरून गोदूबाई म्हणाली. “नि तिच्या मागं तू.”

जाड्या पोलिसानं मान खाली घालून भराभर निवडायला सुरुवात केली. दादूनं समुद्राकडं बघितलं, सुरूच्या बनाकडं बघितलं, आणि सगळं सांगून टाकलं. कागद, साहेब, तालीम, निशाण, चार वाजता येणारे मोठे साहेब. चार महिन्यांत पहिल्यांदाच तो न हसता बोलत होता.

जमना चिडली होती आणि तिला वाईटही वाटलं होतं, दोन्ही एकाच वेळी. “नाव वालूत लागल्यापासून तुमी माज्याशी एक सबूद धड बोलला नाय. मी इचारलं की हसता. आनि काल आलेल्या सायबाला समदं सांगितलंत. मी तीन वेला सांगितलं, खलं इकडं आनलंय. ऐकलंत तुमी? माज्या हातचं खाता, नि ते कुटं सुकतं ते ठाव नाय! बघा, तुमच्या मानसांनी काय केलंय!”

दादूनं बघितलं. महिनाभराचा माल होता. बुटांच्या ठशांखाली जवळ्याचा भुगा झाला होता. त्याला कोणी थोबाडीत मारली असती तर बरं वाटलं असतं, इतकी त्याला स्वतःची लाज वाटली.

“आता काय करू?” त्यानं विचारलं.

“तुमी नका काय करू. सायबाला बोलवा. नि त्या कारकुनाला, वही घेऊन.”

पावणेचारला रणपिसे साहेब आले. वाटेतच त्यांनी लष्करी मार्ग धरायचा ठरवला असावा, कारण लांबूनच ते ओरडले, “सरकारी कामात अडथळा! एकेकीला आत टाकीन!”

चाळीस बायांनी त्यांच्या पायांकडं बघितलं.

साहेबांनी खाली बघितलं. त्यांचा उजवा बूट जवळ्यात होता. त्यांनी तो उचलला, जरा वेळ एका पायावर उभे राहिले, मग मुकाट्यानं दोन्ही बूट काढून गोदूबाईच्या हातात दिले. गोदूबाईनं ते टोपलीखाली सारले आणि पुन्हा बसली. झालं, लष्करी मार्ग तिथं संपला.

“बाई,” साहेब हळू आवाजात म्हणाले, “तुमची मागणी काय आहे?”

“तुमी मोठ्या सायबाला निशान दाकवायचं. आमी काय बगितलं नाय, कोनी काय धरलं नाय. चालीस तोंडं हायेत, समदी बंद ऱ्हातील. हालातल्या बाप्यांची बी आमी बंद करू.” जमना हात झटकत उठली. “उरलेला जवला तुमची मानसं निवडून, पसरून देतील. निशान लावायला एक जन पुरं, त्याचे बूट देते. नि आमच्या नावेला आत्ता, हितं, नंबर पायजे.”

साहेबांचा चेहरा उजळला. हे तर ते देणारच होते. “एवढंच? कारकून!”

दादूला वाटलं, आता रडू फुटतंय. त्यानं जमनाकडं अशा नजरेनं बघितलं, जसं त्यानं लग्नातही बघितलं नसेल. बायको करावी तर अशी, असं काहीतरी तो मनात म्हणत होता. जाड्याला बूट मिळाले, तो पांढरं निशाण काखेत मारून टाकीकडं पळाला. कारकून एका पालथ्या टोपलीवर बसला, मांडीवर वही उघडली, शिक्क्याची डबी वाळूत ठेवली.

“मूळ मालक मयत,” तो वाचत म्हणाला. “वारस म्हणून आता कोणाचं नाव लावायचं?”

दादूनं घसा साफ केला.

“माजं,” जमना म्हणाली.

दादूनं साफ केलेला घसा तसाच राहिला. कारकुनानं वर बघितलं. साहेबांनी घड्याळ बघितलं. चाराला सात मिनिटं कमी होती.

“मुलाचं लागतं,” कारकून म्हणाला. “सुनेचं लावायला मुलाची संमती पाहिजे.”

“मंग घ्या ना संमती. हे काय हुबे हायेत.” तिनं दादूकडं तोंड केलं आणि आवाज खाली आणला, म्हणजे फक्त पंधरा-वीस बायांनाच ऐकू जाईल एवढा. “मी बायको म्हनून बोलते ते तुमाला ऐकू येत नाय. मालकीन म्हनून बोलेन ते येईल.”

“पन जमने, बाची नाव हाय गो माज्या!”

“तर मंग ऱ्हाऊ दे वालूत. बाच्या नावानं.”

लांब रस्त्यावर धूळ उडाली. पांढरी गाडी. साहेब अनवाणी पायांनी वाळूत नाचल्यासारखे करायला लागले. “अरे बाबा, दे ना संमती! नाव पाण्यात जाणार आहे ना? मग कोणाच्या नावानं गेली तर काय बिघडलं?”

दादूला काय बिघडलं ते नीट सांगता आलं नसतं. पण सकाळी इंजिनाचा हादरा पायाला लागला होता, तो अजून तळव्यात होता. तो त्याला पुन्हा हवा होता, उद्या, परवा, रोज. त्यानं मान हलवली.

“पूर्ण नाव सांगा,” कारकून जमनाला म्हणाला. “नवऱ्याच्या नावासकट.”

आणि इथं जमना गप्प झाली. पाच पोलिसांना मांडी घालायला लावणारी, साहेबाचे बूट उतरवणारी जमना वीस वर्षांत नवऱ्याचं नाव तोंडावाटे बोलली नव्हती, आणि सासूच्या मागं ती गोष्ट मोडायची तिला इच्छाही नव्हती. भाटोळीत तशी कोणीच बोलत नाही. रेशन कार्डावर सांगायचं झालं तर शेजारीण सांगते. जमनानं शेजारी बघितलं. सगळ्या बायांनी एकदम कावळ्यांकडं बघायला सुरुवात केली. गोदूबाईनं तर डोळेच मिटून घेतले.

मग जमनानं दादूकडं बघितलं. आता तिच्या नजरेत राग नव्हता. ती नुसती थांबली होती, आणि दादूच्या ध्यानात आलं, की हे नाव सांगणारं खळ्यावर आपल्याशिवाय दुसरं कोणी नाही.

“लिवा,” दादू कारकुनाला म्हणाला. “जमना.” तो थांबला. समुद्राकडं बघत त्यानं पुढचं एका दमात उरकलं. “जमना दादू पागधरे.”

शिक्का उठला. तिकडं टाकीवर पांढरं निशाण फडकलं आणि साहेब दोन्ही हात वर करून काहीतरी ओरडले. कारकुनानं ओल्या शाईवर फुंकर मारली आणि वही मिटता मिटता त्याला एक रकाना राहिलेला दिसला.

“तांडेल कोण? नाव चालवणार कोण, त्याचं नाव लागतं.”

दादूनं मोठ्या आशेनं बायकोकडं बघितलं.

“ते मोकलं ठेवा,” मालकीणबाई म्हणाल्या. “ह्यांना चार दिस नेऊन बघते. जमलं तर पक्कं करते.”